कधीही न भेटलेल्या माणसांचं संभाषण : एबरहार्ड फेख्नरच्या चित्रपटांविषयी



जर्मन सिनेमा म्हटला की आपल्याकडे फिल्म सोसायटीत वाढलेल्या माणसाच्या तोंडी तीन नावं लगेच येतात : फासबिंडर, हेरत्झोग आणि वेंडर्स. आज आम्ही ज्याच्याविषयी बोलणार आहोत तो या यादीत सहसा नसतो. त्याचं नाव एबरहार्ड फेख्नर. त्याचं जवळजवळ सगळं काम टेलिव्हिजनसाठी झालं, आणि टेलिव्हिजनवरचं काम कितीही मोठं असलं तरी कालच्या वर्तमानपत्रासारखं रद्दीत जातं. महोत्सव नाहीत, पोस्टर नाहीत, पुन्हा पुन्हा होणारे खेळ नाहीत. तरीही युद्धानंतरच्या जर्मनीने स्वतःशी काय बोलणं केलं हे ज्याला समजून घ्यायचं आहे, त्याला या माणसाला टाळून पुढे जाता येणार नाही, असं आमचं मत आहे.

पण आजचं व्याख्यान म्हणजे त्याचा गौरव नव्हे. आम्हाला त्याच्याशी थोडं भांडायचंही आहे. भांडणाचा मुद्दा सुरुवातीलाच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं ऐकताना तो तुमच्या डोक्यात राहील. फेख्नर वेगवेगळ्या गावांत, वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या माणसांच्या मुलाखती घ्यायचा. मग संकलनाच्या टेबलावर त्यांची वाक्यं अशी जोडायचा की ती माणसं जणू एकाच टेबलाभोवती बसून एकमेकांशी बोलत आहेत. एकाने वाक्य सुरू करायचं, दुसऱ्याने ते पुरं करायचं, तिसऱ्याने खोडून काढायचं. प्रत्यक्षात ते कधीच समोरासमोर बसलेले नव्हते. आता प्रश्न असा, की ही लबाडी आहे की सत्यापर्यंत जायचा एक रस्ता? आणि त्याहून पुढचा प्रश्न : त्या टेबलाभोवती कोणाला बसवावं याला काही मर्यादा आहे का?

आधी थोडा परिचय. फेख्नरचा जन्म १९२६ चा, सायलेशियातल्या लिग्निट्झचा. हे गाव आज पोलंडमध्ये आहे. तो वाढला बर्लिनमध्ये. युद्धाच्या अखेरीस तो सैनिक होता, आणि युद्ध संपलं तेव्हा त्याचं वय होतं १८. हे वय लक्षात ठेवा. नाझी राजवट आली तेव्हा तो सहा-सात वर्षांचा होता. म्हणजे त्या राजवटीला मत देणाऱ्या पिढीतला तो नव्हे, पण तिच्या शाळेत शिकलेला आणि तिचा गणवेश घातलेला नक्कीच होता. युद्धानंतर बर्लिनच्या डॉयचेस थिएटरमध्ये त्याने अभिनयाचं शिक्षण घेतलं, बरीच वर्षं रंगभूमीवर नट म्हणून काढली, आणि साठच्या दशकाच्या सुरुवातीला मिलानला पिक्कोलो तेआत्रोमध्ये ज्योर्ज्यो स्ट्रेलरच्या हाताखाली काम केलं.

तिथून परत आल्यावर तो हॅम्बुर्गच्या एनडीआर या प्रसारण संस्थेत गेला. तिथल्या टेलिव्हिजन नाटक विभागाचा प्रमुख होता एगोन मोंक. मोंक हा ब्रेख्तच्या बर्लिनर आन्सांबलमध्ये तयार झालेला. प्रेक्षकाला गोष्टीत वाहून जाऊ द्यायचं नाही, त्याला विचार करायला लावायचं, ही ब्रेख्तची शिकवण त्याने टेलिव्हिजनच्या खोलीत आणली. त्या काळची पश्चिम जर्मन टेलिव्हिजनची रचनाही ध्यानात घ्यायला हवी. प्रसारण सार्वजनिक होतं, लोकांनी भरलेल्या शुल्कावर चालत होतं, आणि खासगी वाहिन्या १९८४ पर्यंत आल्याच नव्हत्या. राष्ट्रीय वाहिन्या दोनच. त्यामुळे संध्याकाळी काही दाखवलं की ते लाखो घरांत एकाच वेळी पोचायचं. फेख्नरला प्रेक्षक शोधत फिरावं लागलं नाही. प्रेक्षक आधीच सोफ्यावर बसलेला होता. तोच त्याचा प्रेक्षक, आणि बघा, तोच त्याचा विषयही.

आता पहिल्या महत्त्वाच्या चित्रपटाकडे येऊ. १९६९ सालचा ‘नाखरेडे आउफ क्लारा हायडेब्रेक’. बर्लिनमधल्या वेडिंग या कामगार वस्तीत एकट्या राहणाऱ्या ७२ वर्षांच्या एका बाईंनी झोपेच्या गोळ्या घेऊन आयुष्य संपवलं. पोलिसांच्या दफ्तरी एक नोंद झाली. फेख्नरने ते प्रकरण निवडलं ते कुठलंही खास कारण नसताना. बाई प्रसिद्ध नव्हत्या, मृत्यूत काही रहस्य नव्हतं. त्याने एवढंच विचारलं : या बाई कोण होत्या? मग तो नातेवाइकांकडे गेला, शेजाऱ्यांकडे गेला, त्यांनी जपून ठेवलेले कागद त्याने चाळले. त्यातून हळूहळू एक आयुष्य उभं राहतं. कैसरच्या काळात जन्म, दोन महायुद्धं, नोकऱ्या, बेकारी, तुटपुंजं निवृत्तिवेतन. देशाचा सगळा इतिहास त्या छोट्याशा घरातून वाहून गेलेला, आणि कोणाला त्याची दखल नाही.

या शीर्षकातल्या एका शब्दाकडे लक्ष द्या. ‘नाखरेडे’ म्हणजे मागाहून बोललेले शब्द. एखादा माणूस गेल्यावर त्याच्याविषयी जे बोललं जातं ते. पण याच शब्दाला ‘वाईट’ हे विशेषण लागलं की जर्मन कायद्यात त्याचा अर्थ होतो बदनामी. म्हणजे श्रद्धांजली आणि चहाडी यांच्यामध्ये एका विशेषणाचं अंतर. फेख्नरला हे ठाऊक असणारच. मेलेल्या माणसाच्या पाठीमागे बोलणं म्हणजे नेमकं काय करणं, हा प्रश्न त्याने शीर्षकातच ठेवला. त्या बाईंना कोणी परवानगी विचारली नव्हती, विचारता येणंही शक्य नव्हतं. त्यांच्या कपाटातले कागद देशभर दाखवले गेले.

आम्हाला हे खटकतं का? खटकतं. पण चित्रपट पाहताना दुसरी एक गोष्ट घडते. नातेवाईक बोलतात, शेजारी बोलतात, प्रत्येकाचं बोलणं समंजस असतं. आम्ही बोलावत होतो, त्याच येत नव्हत्या. त्यांचा स्वभावच तसा. आम्हाला काय कल्पना. एकेक वाक्य सुटं घेतलं तर कोणीच खोटं बोलत नाही. पण ही वाक्यं एकाशेजारी एक आली की त्यातून एक चित्र दिसू लागतं, जे त्यातल्या कोणा एकाला दिसलेलं नाही. एका माणसाभोवती अनेक चांगली माणसं होती आणि तरी तिच्याजवळ कोणी नव्हतं. हे कुठल्याही एका साक्षीदाराने सांगितलेलं नाही. हे सांगितलं जोडणीने. फेख्नरच्या पद्धतीचं बीज इथे आहे.

पुढच्याच वर्षी त्याने ‘क्लासनफोटो’ केला, म्हणजे वर्गाचा फोटो. बर्लिनच्या एका माध्यमिक शाळेतल्या जुन्या वर्गाचं छायाचित्र घ्यायचं आणि त्यातल्या मुलांचं पुढे काय झालं ते शोधायचं. आता ती मुलं पन्नाशी ओलांडलेली. कोणी नाझी पक्षाच्या बाजूने गेलेला, कोणी नुसता गप्प बसलेला, कोणी ज्यू म्हणून देश सोडून गेलेला. हे सगळे एकाच बाकांवर बसले होते, आणि एकाच वर्गशिक्षकाबद्दल, एकाच मैदानाबद्दल बोलतात. कॅमेरा बहुतेक वेळा स्थिर. बोलणारा स्वतःच्या घरात, स्वतःच्या खुर्चीत. फेख्नरचे प्रश्न कापून टाकलेले. त्याचा आवाज येतो तो निवेदनापुरता, मोजका. आणि संकलिका ब्रिगिट्टे किर्शे यांच्यासोबत अनेक चित्रपटांत केलेलं ते बारीक विणकाम, ज्यात एका घरातलं वाक्य दुसऱ्या घरात जाऊन पुरं होतं.

इथे शंका घेणारा म्हणेल, अहो, शेजार बदलला की अर्थ बदलतो, हे तर रशियाच्या कुलेशोव्हने कधीच दाखवून दिलंय. एकच चेहरा वाटीभर सुपाशेजारी ठेवला तर भुकेला दिसतो, शवपेटीशेजारी ठेवला तर दुःखी. मग फेख्नर जे करतो ते साक्षीदारांच्या तोंडून स्वतःचंच म्हणणं वदवून घेणं झालं की नाही?

ही शंका खरी आहे, ती उडवून लावता येणार नाही. पण तिचा विचार करायला आपल्याजवळ एक जुनं साधन आहे. न्यायदर्शनात शब्द हे प्रमाण मानलं आहे, म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यावरून होणारं ज्ञान हे ज्ञानच. पण कोणाचा शब्द? आप्ताचा. आणि आप्त कोण? ज्याने वस्तू जशी आहे तशी जाणली आहे आणि ती तशीच सांगण्याची ज्याची इच्छा आहे, तो. वात्स्यायन तर स्पष्ट म्हणतो की हे लक्षण ऋषी, आर्य आणि म्लेच्छ यांना सारखंच लागू. म्हणजे आप्तपणा कुळावर नाही, दोन अटींवर आहे : जाणणं आणि सांगू इच्छिणं.

आता फेख्नरची माणसं या कसोटीला लावून बघा. त्यातली बरीचशी आप्त नाहीतच! काहींना माहीत आहे पण सांगायचं नाही. काहींना सांगायचं आहे पण आठवत नाही, किंवा आठवतं ते सोयीचं. शब्दप्रमाणाच्या हिशेबाने हे साक्षीदार अपुरे. फेख्नरचं कौशल्य असं, की तो अपुऱ्या साक्षीदारांना खोटं ठरवत नाही आणि त्यांच्यावर विश्वासही टाकत नाही. तो एकाच्या शब्दाला दुसऱ्याच्या शब्दाशेजारी आणून ठेवतो आणि मधली फट आपल्याला दाखवतो. प्रमाण आता शब्द राहत नाही, ती फट प्रमाण होते. तिच्यावरून अनुमान करायचं ते आपण.

म्हणून आम्ही अशा जोडणीला दोन कसोट्या लावतो. पहिली : बोलणाऱ्याला पडद्यावर आपलं वाक्य ऐकताना ‘हो, हे मीच म्हणालो आणि याच अर्थाने म्हणालो’ असं म्हणता येईल का? दुसरी : मतभेद शिल्लक राहतो का, की शेवटी सगळे मिळून दिग्दर्शकाचं एकच वाक्य म्हणतात? पहिल्या कसोटीत नापास झालात तर ती लबाडी. दुसऱ्या कसोटीत नापास झालात तर तो प्रचार.

या दोन्ही कसोट्यांवर सर्वांत उजळून निघतो तो १९७६ चा ‘कॉमेडियन हार्मोनिस्ट्स’. दोन भागांचा चित्रपट. हे सहा जणांचं गायकमंडळ होतं, पाच आवाज आणि एक पियानोवादक. विसाच्या दशकाच्या अखेरीस बर्लिनमध्ये सुरू झालं, युरोपभर गाजलं, आणि १९३५ मध्ये मोडलं, कारण सहांपैकी तिघे नाझी कायद्याच्या दृष्टीने ज्यू होते. मग ज्यांना देश सोडावा लागला त्यांचा एक संच झाला आणि जर्मनीत राहिलेल्यांचा दुसरा. फेख्नरने हात घातला तेव्हा चौघे हयात होते. बिबेर्टी बर्लिनमध्ये, लेश्निकोव्ह सोफियामध्ये हलाखीत, त्सिकोव्स्की अमेरिकेत सिनेगॉगमध्ये प्रार्थना गाणारा झालेला, आणि पियानोवादक बोट्स. मंडळाची कल्पना ज्याची, तो फ्रोमरमान, आणि कोलिन, हे दोघे गेले होते.

या म्हाताऱ्यांच्या कथा एकमेकींशी जुळत नाहीत. कोणी कोणाला सोडलं, कोणामुळे यश आलं, शेवटच्या दिवसांत कोण कसं वागलं, प्रत्येकाचं उत्तर वेगळं. आणि फेख्नर ते जुळवून देत नाही. ज्यांचे आवाज एकेकाळी इतके एकजीव व्हायचे की कुठला कोणाचा ते ओळखू येऊ नये, त्यांची वाक्यं आता संकलनाच्या टेबलावर पुन्हा एकत्र येतात आणि सूर लागत नाही. राजवटीने काय मोडलं हे आकडेवारीने सांगितलं असतं तर इतकं कळलं नसतं. या चित्रपटानंतर विसरलेलं हे मंडळ पुन्हा लोकांच्या तोंडी आलं. पुढे १९९७ मध्ये योझेफ फिल्समायरने याच नावाचा कथापट काढला, तो देखणा आहे. पण कथापटात आपल्याला कळतं की कोणावर प्रेम करायचं. फेख्नरच्या चित्रपटात ते कळत नाही, आणि तेच बरं आहे.

कथापटाचा विषय निघालाच आहे तर फेख्नरच्या कथापटांकडे वळू, आणि इथे आमची पहिली तक्रार. १९७५ मध्ये त्याने वाल्टर केंपोव्स्कीच्या ‘टाडेलोजर उंड वोल्फ’ या कादंबरीवरून दोन भागांचा टेलिव्हिजन चित्रपट केला. रोस्टॉक शहरातलं एक सुखवस्तू कुटुंब आणि नाझी काळातलं त्याचं रोजचं जगणं. जेवण, शाळा, पियानो, सिगार, आणि मग बॉम्ब. वडिलांच्या भूमिकेत कार्ल लीफेन, आईच्या भूमिकेत एड्डा झायपेल. चित्रपट अफाट लोकप्रिय झाला, त्यातले वडिलांचे लकबीचे शब्द लोक घराघरांत म्हणू लागले. १९७९ मध्ये याच कुटुंबाची पुढची गोष्ट त्याने ‘आइन काप्पिटल फ्युर झिश’मध्ये सांगितली. त्यात केंपोव्स्कीने सोव्हिएत अमलाखाली बाउट्झेनच्या तुरुंगात काढलेली वर्षं येतात.

हे काम वाईट नाही. पण शीर्षकाकडे बघा. ‘टाडेलोजर उंड वोल्फ’ हा वडिलांचा गमतीचा शब्द. ‘निर्दोष, झकास’ अशा अर्थाचा जर्मन शब्द आणि ‘लोजर उंड वोल्फ’ या बर्लिनच्या सिगार कंपनीचं नाव यांची खिचडी. ही कंपनी ज्यू मालकीची होती आणि नाझी काळात ती मालकांच्या हातून गेली. म्हणजे घरात रोज हसत हसत उच्चारला जाणारा शब्द एका लुटीवर उभा आहे, आणि घराला त्याचा पत्ता नाही. कादंबरीत ही बोच वाचकाला लागू शकते, कारण केंपोव्स्की तुकड्यातुकड्यांत लिहितो आणि तुकड्यांमध्ये जागा सोडतो. पडद्यावर काय होतं? कार्ल लीफेनसारखा नट त्या वडिलांना इतका लोभस करतो की आपण त्यांच्यासोबत हसतो आणि फट बुजून जाते. माहितीपटात फेख्नर माणसाच्या शेजारी दुसरा माणूस ठेवून त्याला तपासू शकत होता. इथे शेजारी ठेवायला कोणी नाही. त्या घरात न बोलावलेले जे होते ते पडद्यावरही आले नाहीत. आम्हाला वाटतं, फेख्नर माहितीपटांत जेवढा कठोर होता तेवढा तो कथापटांत राहू शकला नाही, आणि लाखो प्रेक्षकांनी त्याचे कथापट डोक्यावर घेण्याचं एक कारण हेही असावं.

आता मुख्य गोष्टीकडे येतो. मायदानेक.

पोलंडमधल्या लुब्लिन शहराला लागून असलेली ही छळछावणी. तिथे किती माणसं मारली गेली याचे आकडे अनेकदा बदलले. तिथल्या संग्रहालयातल्या अलीकडच्या संशोधनाने तो सुमारे ७८,००० धरला आहे, त्यातले बहुसंख्य ज्यू. तिथल्या रक्षकांवर आणि अधिकाऱ्यांवर पश्चिम जर्मनीत ड्युसेलडॉर्फला खटला उभा राहिला नोव्हेंबर १९७५ मध्ये, आणि निकाल लागला ३० जून १९८१ ला. सुनावणीचे ४७४ दिवस. आरोपींत पुरुष होते तशा बायकाही होत्या. त्यातली हेर्मिने ब्राउनश्टायनर युद्धानंतर न्यूयॉर्कमध्ये गृहिणी म्हणून राहत होती आणि अमेरिकेने तिला १९७३ मध्ये जर्मनीच्या हवाली केलं. तिला जन्मठेप झाली. बाकीच्या दोषींना ३ ते १२ वर्षं, आणि एकाची सुटका. काहींना आधीच, १९७९ मध्ये, सोडून देण्यात आलं होतं.

शिक्षा इतक्या कमी का? कारण जर्मन न्यायालय प्रत्येक आरोपीमागे विचारत होतं : याने, या दिवशी, या जागी, या माणसाला मारलं याचा पुरावा काय? ३०-३५ वर्षांनंतर, ज्या जागी घड्याळ नव्हतं, कॅलेंडर नव्हतं, आणि जिथून फार थोडे जिवंत परतले, तिथल्या साक्षीदाराला तारीख विचारली जात होती. एक प्रसंग सांगतो. एका पोलिश साक्षीदार बाईंनी सांगितलं की विषारी वायूचे डबे वाहून न्यायला त्यांना भाग पाडलं गेलं होतं. त्यावर बचाव पक्षाच्या एका वकिलाने मागणी केली की या बाईंनाच खुनात मदत केल्याबद्दल अटक करा. न्यायालयात हे घडलं. ती मागणी मान्य झाली नाही, पण बाईंनी ती ऐकली.

फेख्नरने हा खटला चित्रित करायचं ठरवलं. अडचण अशी की सुनावणी चालू असताना चित्रीकरण करायला जर्मन कायद्याने १९६४ पासून बंदी आहे. मग त्याने न्यायालयाबाहेर स्वतःचं न्यायालय भरवलं. सुमारे आठ वर्षं तो या कामात होता. न्यायाधीश, सरकारी वकील, बचावाचे वकील, वाचलेले साक्षीदार, आणि आरोपींपैकीही काही, अशा सुमारे ७० जणांना त्याने बोलतं केलं. त्यातून साडेचार तासांचा, तीन भागांचा ‘डेर प्रोत्सेस’ तयार झाला : आरोप, साक्षीपुरावा, निकाल. १९८४ च्या नोव्हेंबरमध्ये तो दाखवला गेला, पण मुख्य वाहिनीवर नव्हे, प्रादेशिक तिसऱ्या वाहिन्यांवर, जिथे प्रेक्षक कमी. ज्या माणसाच्या कथापटांनी घरंच्या घरं हसवली, त्याच्या या कामाला दार अर्धंच उघडलं.

याआधी पेटर वाइसने फ्रांकफुर्टच्या आउश्वित्झ खटल्यातल्या साक्षींवरून १९६५ मध्ये नाटक लिहिलं होतं. पण तिथे साक्षीदाराचे शब्द नटाच्या तोंडून येतात. फेख्नरकडे शब्द ज्याचा, चेहरा त्याचाच.

आणि आता आमचा सुरुवातीचा प्रश्न धारदार होतो. वर्गमित्रांना एका टेबलाभोवती बसवणं समजू शकतो. ते खरंच एका वर्गात होते. गायकांना बसवणंही समजू शकतो. पण जी बाई छावणीतून वाचली तिचं वाक्य आणि जिने तिला चाबकाने मारलं तिचं वाक्य एकापाठोपाठ एक? दोघींना सारखाच उजेड, सारखीच चौकट, सारखीच खुर्ची? हा समतोल अन्यायाचा नाही का? वाचलेल्या बाईंना विचारलं असतं तर त्या या टेबलाशी बसल्या असत्या का?

आम्ही या प्रश्नावर बराच काळ ‘नाही, हे चुकलं’ या बाजूला होतो. पुन्हा पाहिल्यावर आमचं मत पुरतं नाही, पण बरंचसं बदललं. कारण काय? भाषा. शेजारी ठेवल्यामुळे भाषेतला फरक ऐकू येतो. वाचलेली माणसं बोलतात तेव्हा वाक्याला कर्ता असतो. अमुक आली, तिने असं केलं, माझ्या बहिणीला तिकडे नेलं. आरोपी बोलू लागले की कर्ता हरवतो. तसं करावं लागायचं. आदेश असायचे. तिकडे काय चालायचं ते आपल्याला कुठे दिसायचं. मराठीत आपण ‘केलं गेलं’ म्हणतो ना, तसलं. न्यायालय ज्या कर्त्याला ४७४ दिवस शोधत होतं, तो व्याकरणातून कसा निसटतो हे फेख्नरचा चित्रपट दाखवतो. चौकट सारखी आहे, म्हणूनच हा फरक लपत नाही. टेबल एक असलं म्हणून बसलेले सारखे होत नाहीत.

इथे कार्ल यास्पर्सची आठवण काढायला हवी. युद्ध संपल्या संपल्या, १९४६ मध्ये, त्याने जर्मन अपराधाच्या प्रश्नावर एक छोटं पुस्तक लिहिलं आणि चार प्रकार वेगळे केले. कायद्याचा अपराध, त्याचा निवाडा न्यायालयात. राजकीय अपराध, तो सगळ्या नागरिकांचा, त्याचा निवाडा जेत्यांच्या हाती. नैतिक अपराध, तिथे न्यायाधीश स्वतःची सदसद्विवेकबुद्धी आणि जवळच्या माणसांशी होणारा संवाद. आणि चौथा, दुसरा मरत असताना आपण जिवंत राहिलो याचा, तो ईश्वरासमोर. ड्युसेलडॉर्फच्या न्यायालयाला पहिल्याच प्रकाराचा अधिकार होता, आणि तोही पुराव्याअभावी अपुरा पडला. निकाल ऐकून पुष्कळ लोक संतापले ते यामुळे की त्यांनी एका न्यायालयाकडून चारही निवाडे मागितले. फेख्नरचा चित्रपट पहिल्याची दुरुस्ती करत नाही. तो तिसऱ्याची जागा तयार करतो. यास्पर्स म्हणतो तो संवाद, जो प्रत्यक्षात झालाच नाही, जो त्या माणसांनी एकमेकांशी कधी केला नसता, तो संकलनाच्या टेबलावर घडवून प्रेक्षकाच्या पुढ्यात ठेवतो. हे खोटं संभाषण आहे, मान्य. पण जे संभाषण व्हायला हवं होतं आणि झालं नाही, त्याची ती रिकामी जागा खरी आहे.

तर मग भांडण कुठे उरलं? उरलं आहे, आणि ते असं. फेख्नर स्वतः कुठे आहे? त्याने आपले प्रश्न कापून टाकले. पुढच्याच वर्षी, १९८५ मध्ये, क्लोद लांझमानचा ‘शोआ’ आला. त्यात लांझमान पडद्यावर दिसतो, टोचतो, हट्टाने विचारतो, एका गुन्हेगाराला तर छुप्या कॅमेऱ्याने टिपतो. त्याचं वागणं पटो न पटो, तो काय करतोय हे आपल्याला दिसतं. फेख्नर अदृश्य राहतो. आरोपी आपली बाजू मांडू लागतो तेव्हा ती कुठल्या प्रश्नाचं उत्तर म्हणून आली, सहज आली की काढून घेतली, हे कळायला मार्ग नाही. ७० माणसांच्या अनेक तासांच्या बोलण्यातून साडेचार तास निवडणं म्हणजे निवाडाच की! आणि निवाडा करणाऱ्याने न्यायासनावर दिसलं पाहिजे. ड्युसेलडॉर्फच्या न्यायाधीशांना निकालाची कारणं उघड वाचून दाखवावी लागली. फेख्नरने कारणं जोडणीत लपवली.

त्याचा नम्रपणा आम्हाला समजतो. आपल्या पिढीने फार बोलून झालंय, आता दुसऱ्यांना बोलू द्यावं, असं १९२६ साली जन्मलेल्या जर्मन माणसाला वाटलं असेल तर त्यात नवल नाही. पण त्याच पिढीचा माणूस म्हणून एकदा तरी त्याने त्या टेबलाशी खुर्ची ओढून बसायला हवं होतं, असं आम्हाला वाटत राहतं. इतरांचं गप्प राहणं त्याने इतकं नेमकं ऐकलं. स्वतःचं गप्प राहणं त्याने पद्धत म्हणून चालवलं.

यानंतरही तो थांबला नाही. वृद्ध बायकांच्या आश्रमगृहावर, खलाशांवर, आणि अगदी शेवटी ‘वोल्फ्सकिंडर’मध्ये, पूर्व प्रशियातून पळताना ताटातूट होऊन लिथुआनियाकडे भटकत गेलेल्या मुलांवर. म्हणजे शेवटी तो जर्मनांच्या दुःखाकडे आला. पण त्या क्रमाकडे बघा : आधी मायदानेक, मग हे. ज्याने पहिलं टेबल मांडलं होतं त्यालाच दुसरं मांडायचा अधिकार होता, असं आमचं म्हणणं आहे. १९९२ मध्ये हॅम्बुर्गला तो वारला. वय ६५.

तुमच्यापैकी काही जण हे चित्रपट शोधून बघतील. बघताना एक करा. एक वाक्य संपून दुसरा चेहरा येतो, त्या क्षणी थांबा आणि स्वतःला विचारा, हे दोघं खरंच एकमेकांशी बोलत असते तर पुढचं वाक्य काय आलं असतं? त्याचं उत्तर चित्रपटात नाही. ते तुम्हालाच द्यावं लागतं, आणि फेख्नरने आपल्याला त्याच्या टेबलाशी बसवलं आहे ते त्यासाठीच.

इथे थांबतो. आता तुमचे प्रश्न घेऊ.